‘तुम्ही’ म्हणजे कोण, मास्तर?

गायकर मास्तर,

“मॅडम, मास्तर गेला,” असं तुमच्या गाडीचा ड्रायव्हर विलास म्हणाला, तेव्हा मी त्याला विचारलं, “कुठे?”

पेण स्टँडवर रोह्याची गाडी लागली होती. तुम्ही भाताच्या लावणीची रजा घेतलीय हे मला ठाऊक होतं. मला वाटलं, रजेवरून आल्यावर तुमची ड्यूटी बदलली असेल, अलिबागच्या नाहीतर महाडच्या गाडीवर टाकलं असेल. विलासनं पुढच्या चाकाची हवा बघितली. मग म्हणाला, “ताप आला हुता. लेप्टो निघाला.” एवढं बोलून तो केबिनमध्ये चढला, कारण गाडीची वेळ झाली होती. मीही चढले. नव्या कंडक्टरनं तिकीट दिलं, मी घेतलं. वडखळ गेलं, नागोठणं गेलं, आणि भिसे खिंडीत गाडी वळणं घ्यायला लागली तेव्हा कुठे माझ्या डोक्यात शिरलं, की तुम्ही आता कुठल्याच गाडीवर नाही.

तुम्हाला जाऊन अजून पुरता महिना झालेला नाही. डेपोत फोटोला हार घातला, लोक बोलले, चांगलं बोलले. ते मी इथे परत लिहीत नाही. मला तुमच्याशी बोलायचंय ते वेगळ्याच गोष्टीवर. आपलं एक भांडण अर्धवट राहिलंय, आणि ज्याच्याशी भांडायचं तो माणूसच उठून गेलाय. त्यामुळे माझी बाजू बरोबर होती की चूक, हेही मला आता कळेनासं झालंय.

माझं घर पेणला आणि दवाखाना रोह्याला, म्हणून मी वर्षानुवर्षं तुमच्या गाडीची प्रवासी. दातांची डॉक्टर असल्यामुळे मला एक खोड आहे. समोरचा माणूस बोलायला लागला की मी त्याच्या चेहऱ्याकडे बघत नाही, तोंडाकडे बघते. बाकीचे कंडक्टर थांबा आला की गाडीभर ऐकू जाईल असं ओरडायचे. तुमचं ‘नागोठणं’ ओठांच्या फटीतून कसंबसं बाहेर यायचं. हसलात तरी दात पुरते दिसायचे नाहीत, आणि जेवढे दिसायचे तेवढे लाल-काळे. खिशातली गुटख्याची पुडी तर सगळ्यांनाच दिसायची.

त्याच सुमारास मी एका प्रशिक्षणाला जाऊन आले होते. तिथं शिकवलेलं साधं होतं. पेशंट दाढ दाखवायला आला असला, तरी तंबाखूचं विचारायचं. लांब भाषण द्यायचं नाही. दोन-तीन मिनिटांत काय ते स्पष्ट सांगायचं, सोडायची तयारी आहे का ते बघायचं, असेल तर हात द्यायचा, नसेल तर दार उघडं ठेवायचं. आणि पुढच्या वेळी पुन्हा विचारायचं. मला ते फार पटलं होतं. नवीन शिवण शिकलेली बाई जशी घरातल्या प्रत्येकाचं माप घेत सुटते, तशी मी दिसेल त्याला विचारत सुटले होते.

तुम्हाला विचारलं ते तुमच्याच गाडीत. तुम्ही तिकीट दिलंत आणि मी म्हटलं, “मास्तर, तीन बोटं एकावर एक उभी धरून तोंडात जातात का बघा बरं.” तुम्हाला वाटलं, मी थट्टा करतेय. पुढे निघून गेलात. पण नागोठण्याला माणसं चढत होती तेव्हा तुम्ही मागच्या सीटपाशी, खिडकीकडे तोंड करून उभे होतात, आणि तुमचं कोपर वर गेलेलं मला दिसलं. परत आलात ते जरा चिडूनच. “तीन बोटं कुनाची जातात, मॅडम?” मी भरल्या गाडीत आ करून माझी तीन बोटं तोंडात घालून दाखवली. गाडी हसली. तुम्ही हसला नाहीत. तुमची दोनसुद्धा धड जात नव्हती.

त्या आठवड्यात तुम्ही दवाखान्यात आलात. गालाची आतली बाजू पांढरी पडली होती, आणि बोट लावलं की चामड्यासारखी ताठ लागत होती. मी तुम्हाला कसलाही आडपडदा न ठेवता सांगितलं. हे पुडीनं झालंय, असंच चाललं तर तोंड आणखी मिटत जाईल, आणि पुढे यातूनच कॅन्सर होऊ शकतो. तुम्ही शांतपणे ऐकून घेतलंत. मग विचारलंत, “सोडली तर पयल्यासारखं उघडंल का?”

मी म्हटलं, “पहिल्यासारखं नाही. व्यायाम केलात तर थोडं सुटेल. मुख्य म्हणजे आहे ते आणखी बिघडणार नाही.”

“म्हंजे सोडून नवीन काय मिळायचं नाय. हाय ते जायाचं नाय, एवढंच.”

“हो, एवढंच.”

“सौदा काय लय भारी नाय, मॅडम,” असं म्हणून तुम्ही खुर्चीतून उतरलात. जाता जाता म्हणालात, पहाटे निडीहून पहिली रेल्वे पकडायची, पोटात चहाशिवाय काही नाही, मग दिवसभर उभ्यानं धूळ खायची, पुडी टाकली की भूकही मरते आणि डोळेही उघडे राहतात. मी ते ऐकलं.  

त्यानंतर मी तुम्हाला रोज विचारायला लागले. तुम्ही तिकीट फाडायचात आणि मी म्हणायचे, “काय मास्तर?” बस, एवढंच. तुम्हाला कळायचं. कधी तुम्ही भुवई उडवायचात, कधी “चालू हाय” म्हणायचात, कधी ऐकलंच नाही असं दाखवायचात. मधे एकदा सोडलीतही. तोंड उघडायच्या व्यायामाला लाकडी काड्यांची जुडी मी तुम्हाला दिली होती, आइस्क्रीमची असते तसल्या काड्यांची. ती दातांत धरायची आणि रोज एक-एक काडी वाढवत न्यायची. तुम्ही ती खिंडीच्या चढावर तोंडात धरून उभे राहायचात आणि कॉलेजच्या मुली खिदळायच्या. मग भात कापणीच्या दिवसांत काड्या गेल्या आणि पुडी परत आली. मी विचारलं तेव्हा तुम्ही खिडकीबाहेर बघायला लागलात.

भांडण झालं ते कोलाडला. खिंडीत दरड आली होती, म्हणून गाडी हायवेनं फिरवून नेली. कोलाडच्या हॉटेलात सगळे उतरले. विलासनं मिसळ मागवली, मीही मागवली, आणि तुम्ही पाव चहात बुडवून खात बसलात, कारण तिखट लागलं की तोंडात आग व्हायची. मला ते बघवेना. मी पुन्हा तोच विषय काढला. तुम्ही कप खाली ठेवलात आणि अगदी शांत आवाजात बोललात, “मॅडम, तुम्ही रोज माझं तिकीट तपासता. तपासनीस चढला की ज्याच्याकडं तिकीट हाय तोपन घाबरतो. मानूस खिसा चाचपत बसतो. त्याला दुसरं काय सुचंल का?”

मी म्हटलं, मी विचारलं नाही तर कोण विचारणार? डॉक्टरनं बघूनही गप्प बसायचं, तर मग डॉक्टर कशाला? तुम्ही म्हणालात, इचारा, पण एकदा इचारा आणि मानसाला एकटं सोडा. मी म्हटलं, एकटं सोडलं की माणूस पुडीच उघडतो. विलास मिसळ खात होता, तो म्हणाला, दोघांचं बरोबर हाय, गाडीत बसा. आणि आपण गाडीत बसलो. ते भांडण तिथंच राहिलं. पुढे कधी मी काढलं, कधी तुम्ही. पण दर वेळी कुणाचा तरी थांबा यायचा.

मग सगळंच बंद पडलं. गाड्या बंद, दवाखाना बंद. तुम्ही गावाला, मी पेणला. कित्येक महिने आपली भेट नाही. तुमचा फोन नंबर माझ्याकडे होता, पण त्या दिवसांत प्रत्येक घरात इतकं काही चाललेलं होतं, की पुडीचं विचारायला फोन करावा असं मनातही आलं नाही. गाड्या परत सुरू झाल्या तेव्हा तुमच्या तोंडावर मास्क होता आणि माझ्याही. मास्कमागचं काय दिसणार? मी तिकीट घ्यायचे आणि गप्प बसायचे.

एक दिवस तुम्हीच दवाखान्यात आलात आणि म्हणालात, काड्या द्या, जुन्या हरवल्या. मी बघत राहिले. दात घासून घासून बरेच उजळले होते. पुडीचा वास नव्हता. मी म्हटलं, “सुटली?”

“सुटली.”

“कधी? कशी?”

तुम्ही काड्यांची जुडी खिशात घातलीत. “तुम्ही इचारायचं सोडलंत ना, तवा सुटली,” म्हणालात. आणि खाली विलासनं हॉर्न वाजवला म्हणून जिना उतरून गेलात.

त्या वाक्यानं मला किती दिवस छळलं, हे तुम्हाला कधी कळलं नसेल. आनंद झाला होता, खोटं कशाला सांगू. डोळ्यांत पाणी आलं होतं. पण टोचलंही होतं. म्हणजे इतकी वर्षं मी जे विचारत आले, ते आड येत होतं? की इतकी वर्षं विचारलं होतं म्हणून त्या गप्प बसण्याला काही किंमत आली? ज्याला कधी कुणी विचारलंच नाही, त्याच्यापुढे गप्प बसून काय होणार? मी हे तुम्हाला गाडीत निरनिराळ्या तऱ्हेनं विचारून पाहिलं. तुम्ही म्हणायचात, “र्‍हाऊ द्या ना मॅडम, सुटली ना?” एवढं म्हणून पुढच्या सीटकडे सरकायचात.

तुमचं तोंड हळूहळू दोन बोटांच्या थोडं पलीकडे गेलं, पण तिसरं बोट कधी गेलं नाही. ‘नागोठणं’ मात्र गाडीभर ऐकू यायला लागलं. एके दिवशी तुम्ही ते ओरडलात आणि पुढे बसलेली एक म्हातारी दचकली. तेव्हा तुम्ही माझ्याकडे वळून बघितलंत. त्या बघण्याबद्दल तुमचे आभार मानायचे राहिले. ते आज मानते.

तुमच्या तेराव्याला मी गावाला आले. निडीला उतरून चालत आले. दोन्ही बाजूंना लावणी झालेली शेतं होती. त्यातलं तुमचं कुठलं, हे मला ठाऊक नव्हतं. कुणाला विचारावंसंही वाटलं नाही. विलास आधीच येऊन ओट्यावर बसला होता. तुमची लेक चहा देत होती. सुनंदावहिनी आतल्या दाराशी बसल्या होत्या. मला त्यांनी हातानं जवळ बोलावलं. आम्ही त्याआधी कधी बोललो नव्हतो. त्या तुमच्याबरोबर दवाखान्यात कधी आल्या नव्हत्या.

बोलणं पुडीवर कसं गेलं आठवत नाही. बहुतेक विलासनंच काढलं. तो म्हणाला, लोकांना काहीही वाटो, मास्तरची पुडी विलासच्याच एका वाक्यानं सुटली. कधीतरी संध्याकाळच्या गाडीत एक बाई आजारी पोराला घेऊन बसली होती. तिला खिंडीच्या अलीकडे उतरायचं होतं. तुम्ही थांबा पुकारलात, पण तुमचा आवाज तिच्यापर्यंत गेला नाही, आणि ती खिंड ओलांडून पुढे आली. परतीची गाडी मिळेपर्यंत ती पोराला घेऊन रस्त्याच्या कडेला बसून राहिली. तेव्हा विलास तुम्हाला म्हणाला होता, “मास्तर, तुझी घंटी मला ऐकू येते, तुझा आवाज कुनाला ऐकू येत नाय.” दुसरं तो काही बोलला नव्हता. “त्या दिसापास्नं तो आतून हलला हुता,” असं विलास अगदी खात्रीनं म्हणाला.

मी मनात म्हटलं, ही गोष्ट तुम्ही मला कधी सांगितली नाहीत. मला माझी तीन बोटं मोठी वाटत होती. त्याला त्याचं वाक्य मोठं वाटत होतं. मी वहिनींकडे बघितलं. त्या ऐकत होत्या, पण मान हलवत नव्हत्या.

“आमच्या घरात रोज या पुडीवरनं वाजायचं,” त्या म्हणाल्या. “मी पुड्या चुलीत घातल्या, शेजारनींसमोर बोलले, लेकीच्या लग्नात जेवनाच्या पंगतीत बोलले. बंदीच्या दिसांतपन कुठनं कुठनं आनायचाच, दुप्पट-तिप्पट देऊन. मग येक दिस मलाच कंटाळा आला. म्हटलं, मर काय ते. बोलायचंच सोडलं. त्या पावसात त्यानं आपनच सोडली. मला म्हनाला, तुम्ही इचारायचं सोडलंत, तवा सुटली.”

“तुम्हाला ‘तुम्ही’ म्हणाले?” मी विचारलं.

“आमा सगळ्यांना म्हनाला असंल,” त्या म्हणाल्या. “मला कदी तुम्ही म्हनतो व्हय तो?”

मास्तर, इतकी वर्षं मी ते वाक्य मानाचं समजत होते. ‘तुम्ही’ म्हणजे मी, मॅडम, डॉक्टर. आणि तुम्ही कदाचित आम्हा सगळ्यांबद्दल बोलत होतात. मी, विलास, वहिनी, लेक, शेजारी, सगळे एका ओळीत उभे राहून तुमचं तिकीट तपासत होतो. त्या पावसाळ्यात आम्ही सगळे आपापल्या कारणानं थांबलो, एकमेकांना न सांगता. तेव्हा तुम्हाला जरा मोकळं उभं राहता आलं. हे खरं का? की तुम्ही प्रत्येकाला तेच वाक्य देऊन टाकत होतात, सुट्टे नसले की कंडक्टर ‘उतरताना देतो’ म्हणतो तसं? हे विचारायला आता तुम्ही नाही. आणि उत्तर नाही, म्हणून मला चैन नाही.

पण खरं तर मला त्याहून जास्त जे लागलं, ते वहिनी त्यानंतर बोलल्या.

लावणीत ताप आला तेव्हा तुम्ही मेडिकलमधून गोळ्या आणल्यात आणि परत चिखलात उतरलात. लेक फोनवरून म्हणत होती, दवाखान्यात जा. तुम्ही म्हणत होतात, उरकू दे. पायाला भेग होती, शेतात उंदरांची बिळं होती, असल्याच चिखलातून लेप्टो अंगात शिरतो, हे सगळं घरात ठाऊक होतं. वहिनींना काळजी वाटत होती. पण त्या बोलल्या नाहीत. का, तेही त्यांनी सांगितलं. “बोललं की हट्टाला पेटायचा. पुडीचं गप बसले तवा सुटलं. म्हटलं, हितंपन गप बसावं. आपनच जाईल.” एवढं सांगून त्या जमिनीवर बोटानं रेघा ओढत राहिल्या. अंग पिवळं पडल्यावर तुम्हाला नेलं, तोपर्यंत उशीर झाला होता.

त्या माउलीला मी काय सांगणार होते? त्यांच्या गप्प बसण्यानं तुमचं तोंड वाचलं, आणि त्याच गप्प बसण्यानं... नाही, ते वाक्य मी पुरं करणार नाही. ते तसं नाहीच. गुटखा वर्षांनी मारतो, तिथं वाट बघता येते. हा ताप वाट बघत नाही. एवढा फरक मला, डॉक्टर म्हणून, सांगता आला असता. मी सांगितलाही. पण तेराव्याच्या दिवशी असल्या फरकाचा कुणाला काय उपयोग? वहिनींनी मान हलवली आणि लेकीला म्हणाल्या, मॅडमना भात वाढ.

आणि तुमच्यावर मला राग आला, मास्तर. ज्या माणसानं पुडी सोडली, ज्यानं गाडीभर लोकांसमोर काड्या तोंडात धरल्या, त्याला ताप अंगावर काढू नये एवढं कळू नये? एकदा बदललेला माणूस दुसऱ्या वेळी का नाही बदलत? की ते एकच काय ते होतं तुमच्यात, आणि ते तिथं खर्च होऊन गेलं?

निडीहून परतताना स्टेशनवर एक माणूस माझ्याशेजारी येऊन उभा राहिला. धाटावच्या कंपनीत शिफ्टला जातो म्हणाला, तोही तेराव्याला आला होता. मला म्हणाला, तुम्ही त्या तीन बोटांच्या मॅडम ना? मी हो म्हटलं. तेव्हा त्यानं सांगितलं, की मास्तर, तुम्ही त्यालाही तीन बोटांचं विचारलं होतंत. एकदाच. मग परत कधी शब्द काढला नाहीत. “नुसतं तिकीट द्यायचे आनि बघायचे,” तो म्हणाला. “ते बघनंच जड व्हायचं. बोलले असते तर बरं झालं असतं.”

“सुटली का मग?”

“नाय,” तो म्हणाला. “पन मास्तरच्या गाडीत खात नव्हतो.”

मला हसावं की रडावं कळेना. म्हणजे तुम्हीही विचारत होतात, आणि कोलाडला जे बोललात तेच करून बघत होतात. आणि तुमच्या गप्प बसण्यानं त्या माणसाची अर्धीच सुटली, गाडीपुरती. आता ती गाडी दुसऱ्याच्या ताब्यात आहे. तो आता खात असेल का? मी त्याला विचारलं नाही. विचारायला हवं होतं की नको, याच विचारात माझी रेल्वे आली.

दवाखान्यात माझं बिघडलं. पेशंट खुर्चीत बसतो, मी आरसा आणि दिवा घेऊन आत बघते, आणि जो प्रश्न माझ्या तोंडातून आपोआप यायचा तो अडतो. याला विचारलं तर हा खिसा चाचपेल का? नाही विचारलं तर हा ताप अंगावर काढेल का? एका बाईला मी दोनदा विचारलं, कारण पहिल्यांदा विचारलंय हे माझ्याच लक्षात राहिलं नाही. एका तरुण मुलाला मी काहीच बोलले नाही आणि संध्याकाळी घरी जाताना सगळा वेळ त्याच्या गालातला डाग माझ्या डोळ्यांपुढे होता.

आणि या मंगळवारी वहिनी आल्या.

तुमच्या कागदांचं काहीतरी काम होतं म्हणून रोह्याला आल्या होत्या, एकट्याच. काम उरकून जिना चढून वर आल्या. दुपारची वेळ, दवाखान्यात कुणी नव्हतं. मला वाटलं, तुमच्याबद्दल बोलायला आल्यात. मी पाणी दिलं. त्या पाणी प्यायल्या आणि सरळ जाऊन खुर्चीत बसल्या. “त्याला इचारायचात तसं मला काय इचारू नका,” म्हणाल्या. “नुसतं बघा.”

मी बघितलं. मशेरीचे दात, मास्तर. भाजलेल्या तंबाखूची ती पूड लहानपणापासून दातांना लावत असणार. हिरड्या उतरलेल्या, आणि खालच्या ओठाच्या आत एक पांढरट चट्टा. मी दिवा बंद केला आणि दिसलं तेवढंच सांगितलं, ओठाच्या आत डाग आहे, मशेरी ठेवता तिथंच आहे, आज त्यात वाईट काही दिसत नाही, पण महिन्याभरानं परत बघायला लागेल. त्यांनी विचारलं, “मशेरीनंच?” मी म्हटलं, “हो.” त्यांनी ओठाला बोट लावून बघितलं. मी पुढे काही बोलले नाही. त्यांनीच बजावलं होतं, आणि तुमच्या घरातल्या माणसाचं बोलणं मोडायची माझी हिंमत नव्हती.

त्या पदर सावरून उठल्या. दारात चपला घालताना म्हणाल्या, “इचारलं नाय तुमी.”

“तुम्हीच नको म्हणालात, वहिनी.”

“व्हय गो,” त्या म्हणाल्या. “पन इचाराल असं वाटलं हुतं.”

आणि जिना उतरून गेल्या.

 मी दवाखान्याला कडी घालून धावतच स्टँडवर गेले. नागोठण्याची गाडी लागली होती, वहिनी चढायच्या बेतात होत्या. मी त्यांचा हात धरला आणि माणसांच्या गर्दीत विचारलं, “वहिनी, सोडायचीय का?”

त्यांनी माझ्याकडे बघितलं. रागावल्या नाहीत, हसल्याही नाहीत. “येकटीनं नाय व्हायचं,” म्हणाल्या.

मास्तर, मागची माणसं ढकलत होती. घंटी वाजली. त्या वर चढल्या आणि त्यांच्यामागून मीही चढले. कुठे जायचंय, का जायचंय, मला काही माहीत नव्हतं. त्या खिडकीशी सरकल्या आणि मी त्यांच्याशेजारी बसले. गाडी स्टँडबाहेर पडली तेव्हा नवा कंडक्टर आमच्यापाशी आला.

माझा हात पर्समध्ये जायच्या आत वहिनी त्याला म्हणाल्या, “दोन दे.”